निवेदन : एक रहिवासी

नाही नाही, चपला बाहेर नको, आतच काढ. हो, तिथे, दाराच्या आत, त्या स्टँडवर. कॉरिडॉरमध्ये पादत्राणं ठेवायला मनाई आहे आमच्या ह्या सोसायटीत, काँडोत. कोणी केली? मीच केली, दोन हजार सोळा साली. आता मी चेअरमन नाही, पण नियम तो नियम. आणि खरं सांगू का, नवे चेअरमन टपलेलेच असतात, कधी एकदा ह्याच्या दारात चप्पल सापडते म्हणून. बस. तुला 'तू' म्हटलं तर चालेल ना? माझ्या मुलीपेक्षा लहानच असशील. मैत्रेयी, बरोबर? माझ्या जावयाच्या सिनेमांच्या पुस्तिकेसाठी आलीस. सरोजिनी — माझी बायको — ती बिशानला, मुलीकडे, गेलीय, नातीला शाळेतून आणायला, पाचपर्यंत येईल. म्हणजे आपल्याला तासभर आहे. चहा मी केला असता, पण मी केलेला चहा लोक एकदाच पितात. पाणी घे.

तर जावईबापू. ओरेस्ते बर्तोलान. वय सत्तेचाळीस पूर्ण. उत्तर इटलीत पो नदी समुद्राला मिळते तिथे दलदलीत एक गाव आहे, तिथला. वडलांचं सायकलदुरुस्तीचं दुकान. मी गेलोय तिथे, लग्नाच्या वेळी — डास आपल्याकडच्यासारखेच, धुकं मात्र त्यांचं स्वतःचं. पहिला सिनेमा तेविसाव्या वर्षी. कशावर, तर रेल्वेच्या फाटकवाल्यावर. गावावरून जाणारी गाडी बंद होऊन सहा वर्षं झालेली, पण फाटकवाल्याला बंदचा कागद कोणी दिलेलाच नाही. तर तो बिचारा रोज टाइमटेबलप्रमाणे फाटक पाडायचा, आणि गावातली माणसं रिकाम्या रुळांपुढे सायकली धरून उभी. तीन-तीन मिनिटं. कोणाची तक्रार नाही. लोक पोट धरधरून हसले म्हणे. मी नाही हसलो. यात हसण्यासारखं काय आहे? कागद आला नाही, माणूस काम करतोय, चूक कोणाची — कागद न पाठवणाऱ्याची. मी हे गार्गीला, म्हणजे माझ्या मुलीला, त्याच्या बायकोला म्हटलं, तर ती आणि तिची आई एकमेकींकडे बघून अशा हसल्या... मी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

मग पुलाचा सिनेमा. कालव्यावरचा एक पादचारी पूल — तीन महापौर, तीन निवडणुका, तीनदा उद्घाटन, आणि पूल एकाच काठाकडून बांधलेला, दुसरं टोक हवेत. ह्यानं तिन्ही वेळा फीत कापतानाची जुनी चित्रं एकापाठोपाठ एक लावली आणि वर गंभीर आवाजात निवेदन, नुसत्या तारखा आणि भाषणं. शेरा एक नाही. ती त्याची खुबी आहे, हे लिहून घे — तो कोणाची टिंगल करत नाही, माणसाला बोलू देतो, आणि बोलणं संपल्यावर कॅमेरा दोन सेकंद जास्त चालू ठेवतो. ते दोन सेकंद फार वाईट असतात. मला विचार. तर त्या सिनेमात नगरपालिकेच्या बंद दाराआडच्या बैठकीतले कागद होते, ते बाहेर आले कसे म्हणून ह्याच्यावर खटला. चार वर्षं चालला. न्यायाधीश म्हणाले, देणाऱ्याचं नाव सांगा आणि घरी जा. ह्यानं नाही सांगितलं. टीव्हीवाल्यांनी कामं देणं बंद केलं, हा वडलांच्या दुकानात पंक्चर काढत बसला, पण नाव नाही सांगितलं. शेवटी खटलाच दमला. मी तीस वर्षं बँकेत ऑडिट केलंय, मैत्रेयी, आतली गोष्ट सांगणारा माणूस जपायचा असतो हे मला कळतं. त्या एका गोष्टीवर मी ह्या लग्नाला हो म्हटलं. गार्गीला वाटतं तिच्या रडण्यामुळे.

भेटले कसे? ते तर छापच. त्यानं एका लहानशा वाहिनीसाठी एक खोटी डॉक्युमेंटरी केली होती — इटलीत म्हणे एक प्रतीक्षा मंत्रालय आहे, नागरिकांच्या वाट बघण्याची नोंद ठेवतं. अधिकारी, शिक्के, गणवेश, सगळं खोटं, सगळे त्याचे मित्र. आणि लोकांनी खरं मानलं. तीनशेच्या वर अर्ज आले. एका म्हाताऱ्यानं लिहिलं, मी स्टेशनांवर एकूण दोन वर्षं घालवलीत, ती माझ्या सेवेत धरावीत. ह्यानं प्रत्येकाला हातानं उत्तर पाठवलं — आपला अर्ज मिळाला, कृपया वाट पाहावी. आणि त्या अर्जांत एक ईमेल होता, मिलानमध्ये फायनान्सचा कोर्स करणाऱ्या एका हुशार मुलीचा, की मला माझ्या प्रोजेक्टसाठी आपल्या मंत्रालयाची आकडेवारी हवी आहे. माझी मुलगी. एवढी शिकलेली. तो तिला आकडेवारी द्यायला स्वतः गेला.

मग सिंगापूर. बायको बँकेत, हा डिपेंडंट पासवर — म्हणजे तिच्या नोकरीच्या आधारावर ह्याचा मुक्काम. माझ्या पिढीला जरा जड गेलं ते, खोटं कशाला बोलू. मी विचारायचो, ओरेस्तेराव, सध्या काय चाललंय? तो म्हणायचा, बाबा, बघतोय. वर्षभर नुसता बघत होता. खाण्याच्या टपऱ्यांच्या त्या हॉकर सेंटरमध्ये बसायचा आणि टिश्यूची पुडी ठेवून टेबल अडवणाऱ्या लोकांकडे बघायचा. मग बुकित बातोकच्या एका गोदामाचं काम मिळालं, सुरक्षेच्या फिल्म — खोकं कसं उचलावं, शिडी कशी धरावी. बाकीचे असल्या फिल्म बघताना झोपतात, ह्याची खोक्याची फिल्म कामगार पुन्हा लावायला सांगायचे. खोकं उचलून झाल्यावर त्या माणसाचा चेहरा, ते दोन सेकंद! तशी सहा-सात वर्षं गेली. इटलीतून कोणी विचारत नव्हतं. गार्गी म्हणायची, बाबा, तो आतून वाळत चाललाय. मला काही दिसत नव्हतं. माझ्या पोळ्या तो माझ्याहून जास्त खायचा.

आणि मग तो माझ्याकडे आला. ह्याच खोलीत, तू बसलीस तिथेच. म्हणाला, बाबा, मला तुमच्यावर सिनेमा करायचाय. सामुदायिक नेतृत्वावर — हे शब्द माझे, त्यानं नुसती मान हलवली. मी तेव्हा काँडोच्या कौन्सिलचा चेअरमन, सलग पाचवं वर्ष. लिफ्टजवळचा फलक माझ्या हातात. मी त्याला लेखी परवानगी दिली, सात अटींसह. अटीही वाचून दाखवल्या त्यानं कॅमेऱ्यापुढे, त्या सिनेमात आहेत. आठ महिने तो माझ्यामागे फिरला. मी रोज इस्त्रीचा शर्ट घालायचो. लिफ्टमध्ये ड्युरियन, ते उग्र वासाचं फळ, आणू नये. पोहून ओल्या अंगानं लॉबीत येऊ नये. तलावाच्या काठच्या खुर्च्यांवर खाद्यपदार्थ वाळत घालू नयेत — ही नोटीस कोणामुळे काढली माहितेय? सरोजिनीमुळे. तिनं तिथे कुरडया घातल्या होत्या. दोन खुर्च्या भरून. आता चेअरमनची बायको म्हणून सोडायचं का? मी ताकीदपत्र काढलं, 'रहिवासी यांस', आमच्याच फ्लॅटचा नंबर, खाली गेलो, आमच्याच पत्रपेटीत टाकलं. आणि संध्याकाळी मीच ते वर आणलं आणि तिला दिलं. ती पोच म्हणून सही करू का विचारत होती. मी म्हटलं, कर. हसतेस? हस. सगळेच हसतात तिथे.

पहिला खेळ इथेच झाला, एका छोट्या सभागृहात, साठ-सत्तर माणसं — आमच्या काँडोतली, महाराष्ट्र मंडळातली. मी पहिल्या रांगेत. ड्युरियनला हशा झाला, मला वाटलं वा, लोकांना आवडतंय. अटींना हशा. मला जरा... आणि ताकीदपत्राला तर लोक खुर्चीतून पडायचे बाकी राहिले, आणि पडद्यावर मी, आमच्याच दारात, आमचंच पत्र उघडून वाचतोय — ते दोन सेकंद — आणि खिशातलं पेन काढून त्यात एक स्वल्पविराम घालतोय. माझे कान तापले. तेव्हा मला तो फाटकवाला आठवला. म्हटलं, दिलीप सबनीस, तू फाटकवाला आहेस.

नाही, उठून जाणार होतो मी. पलीकडच्या खुर्चीतल्या पाटणकरांचे गुडघे मध्ये होते. आणि तेवढ्यात ते निवेदन आलं. इंग्रजीत आहे, तू बघितलंस ना, तो जुन्या रेडिओवरच्या बातम्यांसारखा आवाज. तो म्हणतो, एकोणीसशे एक्याण्णव साली ह्या शहरातल्या एका ऑफिसात एका नव्या माणसाचं पत्रक लाल शाईनं सतरा ठिकाणी गोल करून भिंतीवर लावलं होतं. महिनाभर ते तिथे होतं. तो माणूस अजून लिहितो आहे, अठरावा गोल होऊ नये म्हणून.

हशा जागच्या जागी थांबला.

खरं आहे ते. माझ्या साहेबानं लावलं होतं. नाव कशाला, गेला तो. मी साताऱ्याच्या मराठी शाळेतला, ऑडिटमध्ये पक्का, इंग्रजी मात्र पुस्तकी. 'रिव्हर्ट बॅक' लिहिलं होतं मी, 'परत' दोनदा झालं, तर बॅकवर गोल. येता-जाता लोक वाचायचे. मी ते काढू शकत नव्हतो, माझा प्रोबेशनचा काळ. सरोजिनी आणि गार्गी तेव्हा साताऱ्यालाच, सहा महिन्यांनी आल्या. त्या आल्यावर पहिल्या आठवड्यात आम्ही खाली हॉकर सेंटरला टोस्ट खायला गेलो होतो, गार्गी सहा वर्षांची, तिला नारळाचा तो गोड जॅम आवडला, आणि मी सरोजिनीला ते एकदा सांगितलं. एकदाच. तिनं माझ्या टोस्टला लोणी लावून दिलं. नंतर तीस वर्षं आमच्यात तो विषय नाही. गार्गीला माहीत नाही, माझ्या भावाला माहीत नाही. कोणालाच नाही.

कळलं तुला? मला तिथेच कळलं. मी बाजूला बघितलं, ती माझ्याशेजारीच बसली होती. समोर बघत होती, पडद्याकडे, पर्सचा पट्टा बोटाला गुंडाळून. एकदाही माझ्याकडे वळली नाही.

मी काय केलं? जे कोणीही करेल ते. जावयावर रागावलो. चौदा महिने धड बोललो नाही त्याच्याशी. चेअरमनपद सोडलं. सिनेमा तिकडे इटलीत गेला, त्याला बक्षीस मिळालं, पंधरा वर्षांनी त्याचं नाव तिकडच्या पेपरात आलं, मी अभिनंदनाचा फोन केला नाही. दर रविवारी तो आर्याला, नातीला, सोडायला यायचा, दारातून नमस्कार बाबा म्हणायचा आणि लिफ्टनं खाली जायचा. एकदा मी त्याला दारातच धरलं. विचारलं, तुला ती लाल शाईची गोष्ट कोणी सांगितली? तो मराठीत म्हणाला, मोडकंतोडकं — "बाबा, मी नाही सांगत." मी म्हटलं, मग तू माझा विश्वासघात केलास असं धरू का? तर म्हणाला, "हो. धरा. माझी चूक." बघ म्हणजे. न्यायाधीशापुढे गप्प बसणारा माणूस माझ्यापुढे काय बोलणार? मला माहीत होतं तो खोटं बोलतोय, आणि मला माहीत आहे हे त्याला माहीत होतं. तरी त्यानं चौदा महिने माझा राग झेलला. तो राग माझा त्याच्यावर नव्हताच. पण तिच्यावर रागावलो असतो तर बोलावं लागलं असतं ना. आणि काय बोलणार? तू ते एवढी वर्षं लक्षात का ठेवलंस, हे भांडण कसं करतात?

मग? मग एके दुपारी आर्यानं तिच्या टॅबवर तो लावला. म्हणाली, आजोबा, यू सो फनी लाह, कम सी. तिच्या मांडीला मांडी लावून बघितला. त्यानंतर मी... किती वेळा बघितला ते विचारू नकोस. नऊ वेळा. ऑडिटरच्या नजरेनं बघितला. ते लाल शाईचं वाक्य एकच नाहीये. एके ठिकाणी निवेदन म्हणतं, ह्या माणसानं आयुष्यात कपाटाचं दार कधी लावलेलं नाही. हे कोणाला माहीत असणार? लावणाऱ्याला. एके ठिकाणी म्हणतं, नोटीस डकवल्यावर तो दहा पावलं मागे जातो आणि ती सरळ आहे ना बघतो, बाळाला झोपवून बघावं तसा. हा काही सायकलवाल्याच्या मुलाचा शब्द नाही. आणि ज्या चार महिन्यांत तो एडिटिंग करत होता, त्या चार महिन्यांत सरोजिनी दर मंगळवारी बिशानला जायची. का, तर जावयाकडून इटालियन स्वयंपाक शिकायला. चार महिने. ह्या घरात आजपर्यंत एकदाही पास्ता झालेला नाही.

नंतर गार्गी एकदा बोलून गेली, की ओरेस्तेचं पहिलं निवेदन फार तिखट होतं. नुसता हशा, फाटकवाला. ते कोणीतरी वाचलं आणि म्हणालं, हे खोटं नाही पण अर्धं आहे. आणि बाकीचं अर्धं मराठीत लिहून दिलं. कोणी, ते गार्गीनं सांगितलं नाही. मी विचारलं नाही.

मग मी ओरेस्तेला फोन केला. म्हटलं, रविवारी जेवायला थांबा, आणि कॅमेरा आणा, नव्या चेअरमननी झाडांच्या कुंड्यांवर नंबर टाकलेत. हे — हे छापू नकोस हं. म्हणजे पुढचा सिनेमा त्यांच्यावर आहे आणि माहिती मी... नको, खोड ते. आतला माणूस जपायचा असतो.

तर आता तुझा प्रश्न. शेवटच्या पाट्यांत सगळ्यांची नावं आहेत, फक्त निवेदन कोणी लिहिलं तिथे 'एक रहिवासी'. त्या नावाशिवाय पुस्तिका अडलीय. ओरेस्तेनं सांगितलं नाही, गार्गीनं सांगितलं नाही, म्हणून तू माझ्याकडे आलीस, म्हातारा बडबड्या आहे, याच्या तोंडून निघेल. आणि निघालं. पण माझ्याकडून घेऊ नकोस. तिनं तीन वर्षं मला सांगितलेलं नाही, मीही तिला विचारलेलं नाही. सकाळी चहा घेतो, भाजीवर वाद घालतो, कपाटाचं दार ती लावते, आणि ते वाक्य आमच्यामध्ये असतंच. आता सगळे सिनेमे ओळीनं दाखवणार तुम्ही, हा सगळ्यात शेवटी. पुन्हा शेजारी-शेजारी बसायचं, पुन्हा तिनं पट्टा गुंडाळायचा आणि मी समोर बघायचं. मला नाही जमणार ते परत.

लिफ्ट आली बघ. तिचीच पावलं आहेत, आर्या पुढे धावतेय. तू काय कर — नाही, बस, जाऊ नकोस. तू तिलाच विचार. माझ्यासमोर. मी इथून हलत नाही.

ये गं. आर्या, बूट आत. सरोज, ही मैत्रेयी, ओरेस्तेच्या पुस्तिकेची. तिला तुला एक विचारायचंय. पिशवी दे इकडे, आधी बस. अगं विचार ना, घाबरतेस काय.

...

काय म्हणालीस, सरोज?

हो. माहीत होतं. पहिल्या खेळापासून. त्या वाक्यालाच.

नाही. रागावलो नाही. म्हणजे रागावलो होतो. आता — अगं, डोळे कशाला पुसतेस, ती मुलगी बघतेय. मैत्रेयी, मिळालं ना तुला नाव? सरोजिनी सबनीस, लिही, आणि आता ये तू. हो, लगेच. चहा पुन्हा कधीतरी. आर्या, ताईला खालपर्यंत सोड, आणि खाली जरा खेळ, दोघी खालीच थांबा थोडा वेळ. दार ओढून घ्या.